लोचेनटाल : युंगफ्राऊच्या मागच्या अंगणात

स्वित्झर्लंडच्या टूरवर सगळेच जण ज्या बर्फावर फोटो काढतात, त्याच बर्फाच्या पलीकडे एक खोरं आहे. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीपर्यंत तिथे जायला धड रस्ता नव्हता आणि २०२५ मध्ये तिथलं एक अख्खं गाव अर्ध्या मिनिटात नाहीसं झालं. तरीही माणसं म्हणतायत, आम्ही परत जाणार!

स्वित्झर्लंड म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर ठरलेली चित्रं येतात. ‘डीडीएलजे’मधली ट्रेन, गळ्यात घंटा बांधलेली गाय, टूर मॅनेजरने दिलेलं चॉकलेट आणि युंगफ्राऊयोखचा तो मस्ट फोटो. पुण्या-मुंबईच्या प्रत्येक सोसायटीत निदान एका फ्रिजवर तरी या फोटोचं मॅग्नेट असतंच! ३४५४ मीटर उंचीवरच्या त्या स्टेशनातून बाहेर आलं की समोर आलेच हिमनदी दिसते, आल्प्समधली सर्वांत लांब. गरमागरम कॉफी पीत आपण तिच्याकडे बघतो, ‘वॉव’ म्हणतो आणि पुढच्या ट्रेनने खाली उतरतो.

पण त्या हिमनदीच्या उजव्या अंगाला बर्फाचा एक रुंद फाटा वर चढत जातो आणि दोन डोंगरांमधल्या खिंडीत संपतो. तिचं नाव लोचेनल्युके. खिंडीच्या पलीकडे उतरलं की लागतं लोचेनटाल. ‘टाल’ म्हणजे खोरं. पट्टीचे स्कीअर युंगफ्राऊयोखहून निघून ही खिंड ओलांडतात आणि थेट खोऱ्यात उतरतात. तुम्ही-आम्ही मात्र ट्रेननेच जायचं!

चार गावं आणि एक नदी

वालिस या दक्षिणेकडच्या प्रांतातलं हे खोरं, लांबी साधारण सत्तावीस किलोमीटर. मधून लोन्झा नदी वाहते. फेर्डेन, किपेल, विलर आणि ब्लाटेन ही इथली चार गावं, आणि सगळी मिळून लोकसंख्या जेमतेम दीड हजार. आपल्याकडे एका मोठ्या हाउसिंग कॉम्प्लेक्समध्ये याहून जास्त माणसं राहतात.

‘लोन्झा’ हे नाव फार्मा किंवा बायोटेकमध्ये काम करणाऱ्यांना ओळखीचं वाटेल. बरोबर, तीच ती कंपनी! १८९७ साली खोऱ्याच्या तोंडाशी असलेल्या गाम्पेल गावात, या नदीच्या पाण्यावर वीज तयार करून तिची सुरुवात झाली. पुढे जवळच्या फिस्प शहरात तिचा मोठा कारखाना उभा राहिला. कोव्हिडच्या काळात मॉडर्नाच्या लसीचा मुख्य घटक तिथे तयार होत होता. म्हणजे जगाने ज्या खोऱ्याचं नाव कधी ऐकलं नव्हतं, त्याच्या नदीचं नाव मात्र जगभरच्या शेअर बाजारांना पाठ होतं.

दक्षिणेला ३९३४ मीटर उंचीचा बीचहॉर्न सुळका उभा आहे. १८५९ मध्ये त्यावर पहिल्यांदा चढला तो लेस्ली स्टीफन हा इंग्रज, लेखिका व्हर्जिनिया वुल्फचा बाप. २००१ पासून युंगफ्राऊ, आलेच आणि बीचहॉर्नचा हा सगळा परिसर युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे.

गावांत शिरलं की पहिल्यांदा नजरेत भरतात ती काळी घरं. लार्चच्या लाकडाची ही घरं रंगवलेली नाहीत. शेकडो वर्षं ऊन खाऊन ती कॉफीच्या बियांसारखी काळपट झाली आहेत. धान्याची कोठारं तर बघण्यासारखी! चार लाकडी खांब, प्रत्येक खांबावर एक गोल चपटा दगड आणि त्यावर कोठार. उंदीर खांब चढून येतो, पण त्या दगडाच्या छपराखाली त्याची वाट संपते. शंभर टक्के इको-फ्रेंडली पेस्ट कंट्रोल, आणि एएमसीचा खर्च शून्य!

या कोठारांत भरायचं ते राय नावाचं धान्य. त्याचे मोठाले पाव गावाच्या सामायिक भट्टीत वर्षातून मोजक्याच वेळा भाजायचे आणि महिनोन्‌महिने पुरवायचे. पाव इतका कडक व्हायचा, की तो चिरायला वेगळी सुरी लागायची. उन्हाळ्यात गाई-शेळ्या घेऊन वरच्या कुरणांवर जायचं, तिथे चीज करायचं आणि थंडीआधी खाली यायचं. जमीन सगळ्या मुलांत सारखी वाटली जायची. त्यामुळे तुकडे इतके लहान होत, की एकेका घराचेही मालक अनेक. आपल्या कोकणात सातबारावर चाळीस नावं बघितलेल्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

पोट भरेना तेव्हा इथले तरुण भाडोत्री सैनिक म्हणून परदेशी राजांच्या पदरी गेले. १८४८ च्या स्विस राज्यघटनेने असे नवे करार बंद केले, पण गणवेश उरले. किपेलमध्ये दर जूनच्या सुमाराला एका रविवारी धार्मिक मिरवणूक निघते. त्यात गावकरी जुन्या धाटणीचे लाल-पांढरे गणवेश आणि केसाळ उंच टोप्या घालून चालतात. त्यांना नावच आहे ‘देवाचे ग्रेनेडियर’. राजांची चाकरी संपली, आता परेड फक्त देवासमोर.

बोगदा आला, जग आलं

विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत इथे यायचं म्हणजे लोन्झाच्या अरुंद घळीतून खेचराच्या वाटेने, नाहीतर २६९० मीटर उंचीच्या लोचेन खिंडीतून. ही खिंड आजकालची नाही. तिथल्या बर्फात कांस्ययुगातली धनुष्यं सापडली आहेत. पण हिवाळ्यात दोन्ही वाटा बंद. खोरं म्हणजे मग आतून कडी घातलेलं घर.

१९०६ मध्ये लोचबेर्ग रेल्वे बोगद्याचं काम सुरू झालं. खणायला आले मुख्यतः इटालियन मजूर. खोऱ्याच्या तोंडाशी असलेल्या गोपेनश्टाइनला रातोरात त्यांची वस्ती उभी राहिली. २९ फेब्रुवारी १९०८ रोजी त्या वस्तीवर हिमस्खलन आलं आणि बारा जण गेले. त्याच वर्षी २४ जुलैला पलीकडच्या बाजूने खणताना वरच्या कांडर नदीचा गाळ आणि पाणी बोगद्यात घुसलं. पंचवीस मजूर गाडले गेले. तो भाग भिंत घालून कायमचा बंद केला आणि बोगद्याला वळण देऊन तो पुढे नेला. १९१३ मध्ये १४.६ किलोमीटरचा हा बोगदा सुरू झाला, तेव्हा खोऱ्याच्या दाराशी रेल्वे स्टेशन आलं होतं. आजही आपण त्याच बोगद्यातून गोपेनश्टाइनला पोचतो आणि ते वळण कधी येऊन गेलं ते कळतही नाही.

रेल्वेबरोबर चित्रकार आले, गिर्यारोहक आले, आणि १९३१ मध्ये आला एक अमेरिकन डेंटिस्ट. वेस्टन प्राइस त्याचं नाव. आधुनिक खाण्यामुळे दात किडतात का, हे तपासत तो जगभर हिंडत होता. खोऱ्यात तेव्हा साधारण दोन हजार माणसं होती. त्याने लिहून ठेवलंय, की इथे ना डॉक्टर, ना डेंटिस्ट, ना पोलीस, ना तुरुंग. रायचा पाव, चीज, दूध आणि कधीतरी मांस खाणाऱ्या या पोरांच्या तोंडात त्याला किडके दात फारच कमी सापडले. इथल्या चीज-लोण्याचे नमुने तो अमेरिकेला मागवून तपासत राहिला. १९३९ च्या त्याच्या पुस्तकात लोचेनटालवर ऐसपैस मजकूर आहे. त्याच्या निष्कर्षांवर पुढे भरपूर टीका झाली. पण ‘आजी जेवायची तसं जेवा’ म्हणणारी डाएट मंडळी आजही त्याचे दाखले देतात.

एक मात्र खरं, हा ‘स्वर्ग’ बाहेरून बघणाऱ्यांचा होता. आत राहणाऱ्यांना गवताचे भारे पाठीवरून आणावे लागत होते, आणि कुठल्या उतारावरून बर्फ कधी खाली येतो याचा हिशेब पाठ ठेवावा लागत होता. विलर गाव तर १९०० साली आगीत भस्मसात झालं आणि पुन्हा उभं राहिलं. फेब्रुवारी १९९९ मध्ये सगळ्या आल्प्सवर हिमस्खलनांचा कहर झाला, तेव्हा खोऱ्याचा बाहेरच्या जगाशी रस्त्याने संबंध तुटला होता.

इथलाही शिमगा!

खोऱ्याचा खरा रंग बघायचा तर फेब्रुवारीत. दोन तारखेला ‘कँडलमस’ हा ख्रिस्ती सण झाला की दुसऱ्या दिवसापासून ‘चेगेटे’ बाहेर पडतात. पाइनच्या लाकडातून कोरलेला अक्राळविक्राळ मुखवटा, कधी त्यात गाईचे खरे दात बसवलेले. अंगावर मेंढीची नाहीतर बकरीची कातडी, उलटे घातलेले जुने कोट आणि कमरेला गाईची घंटा. उपवासाचा काळ सुरू होण्याच्या आदल्या मंगळवारपर्यंत यांचा धुडगूस. समोर येईल त्याला धरायचं, बर्फात लोळवायचं. पूर्वी हा मान फक्त अविवाहित तरुणांचा. मुलींच्या तोंडाला काजळी फासण्यात म्हणे त्यांना विशेष रस असायचा. कोकणातल्या शिमग्यात संकासुरामागे पळालेल्या किंवा त्याच्यापुढे पळालेल्या कुणालाही हे वातावरण लगेच ओळखू येईल.

चेगेटे आले कुठून? कुणी म्हणतं, नदीपलीकडच्या सावलीच्या बाजूला राहणारे चोर असे वेष करून गावं लुटायचे. कुणी म्हणतं, हिवाळ्याला पळवून लावायची ही जुनी रीत. चर्चला हा प्रकार कधीच फारसा रुचला नाही. पुढे टुरिस्टांना मात्र भलताच रुचला आणि मुखवटे कोरणं हा एक धंदाच झाला. आज मुलीही मुखवटा चढवतात. मोठी रात्र असते ती उपवासाआधीच्या गुरुवारची. त्या रात्री चेगेट्यांची झुंड घंटा वाजवत खोऱ्यातून उतरायची, ब्लाटेनपासून खाली फेर्डेनपर्यंत.

उतरायची, असं म्हणायचं कारण ज्या गावातून ती निघायची ते गाव आता जागेवर नाही.

२८ मे २०२५, दुपारचे साडेतीन

ब्लाटेन हे खोऱ्यातलं सर्वांत वरचं गाव. उंची १५४० मीटर, वस्ती तीनशेची. गावाच्या वर बिर्च नावाची छोटी हिमनदी आणि तिच्याही वर क्लायनेस नेस्टहॉर्न हा डोंगर. जगभरच्या हिमनद्या आटत असताना ही बिर्च हिमनदी मात्र गेली काही वर्षं पुढे सरकत होती. कारण आनंदाचं नव्हतं. वरच्या डोंगरातून दगड तिच्यावर पडत होते आणि त्या ओझ्याने ती खाली ढकलली जात होती.

मे २०२५ च्या मध्यात डोंगराची हालचाल वाढली. वालिसमध्ये अशा धोक्यांवर नजर ठेवणारे स्थानिक निरीक्षक असतात. डोंगराकडे रोखलेले कॅमेरे आणि रडारही लागले. १९ मे रोजी अख्खं गाव रिकामं करायचा आदेश निघाला. तीनशे माणसं हाताला लागेल ते घेऊन बाहेर पडली. गाई-मेंढ्याही हलवल्या. चालता न येणारी एक जखमी गाय तर हेलिकॉप्टरखाली लटकवून नेली. तो फोटो जगभर फिरला आणि अनेकांनी त्यावर स्मायली टाकले.

नऊ दिवस डोंगर कणाकणाने ढासळत राहिला. लाखो घनमीटर दगड हिमनदीवर साचले. शेवटी तर हिमनदी दिवसाला काही मीटर या वेगाने सरकत होती. आणि २८ मेच्या दुपारी ती दगडांसकट सुटली. भूकंपमापकांवर ३.१ तीव्रतेची नोंद झाली. धुळीचा लोट समोरच्या उतारावर चढला. तो खाली बसला तेव्हा गावाचा सुमारे नव्वद टक्के भाग दगड-बर्फाखाली होता. चर्च, हॉटेलं, ती कॉफीच्या रंगाची घरं, सगळं. मलब्याने लोन्झा अडली, मागे तळं साचलं आणि जी काही घरं वाचली होती, त्यांतली बरीचशी त्या पाण्यात बुडाली.

माणूस गेला एक. ज्या हद्दीतून लोकांना हलवलं होतं, तिच्या बाहेर तो होता. गाव गेलं, पण तीनशे जण वाचले ते कुणीतरी रोज डोंगर मोजत होतं म्हणून.

हे वाचताना मराठी माणसाला माळीण आठवणारच. ३० जुलै २०१४ च्या सकाळी आंबेगाव तालुक्यातलं ते गाव दरडीखाली गेलं, १५१ जण गेले. १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापूरजवळची इर्शाळवाडी गेली. ती तर धोकादायक गावांच्या यादीतही नव्हती. आपला पाऊस वेगळा, आपला डोंगर वेगळा, सरकारी तिजोऱ्यांची तर तुलनाच नको. पण डोंगराखाली राहणाऱ्या माणसांकडे कुणाचं लक्ष आहे का, हा प्रश्न दोन्हीकडे एकच. ब्लाटेनमध्ये त्याचं उत्तर नऊ दिवस आधी मिळालं होतं.

मग आता?

विमा कंपन्यांनी नुकसानीचा अंदाज ३२ कोटी स्विस फ्रँकच्या आसपास लावला. गावाने मात्र काही दिवसांतच सांगून टाकलं की आम्ही पुन्हा बांधणार. सरपंच मथियास बेलवाल्ड यांनी तीन ते पाच वर्षांत खोऱ्यात परतायचा आराखडाही मांडला. आधी मलब्यातून न गाडल्या गेलेल्या वाड्या सावरायच्या, मग गावाचा नवा मध्य उभा करायचा.

आणि इथे स्वित्झर्लंडमध्ये वाद पेटला. तीनशे माणसांसाठी एवढा पैसा? तोही अशा ठिकाणी, जिथे उंचावर कायम गोठलेली जमीन वितळू लागली आहे आणि डोंगरांना बांधून ठेवणारं बर्फाचं सिमेंट सुटत चाललंय? ब्लाटेनच्या घटनेचं सगळं खापर एकट्या हवामानबदलावर फोडायला शास्त्रज्ञ तयार नाहीत. असे डोंगर आणखी अस्थिर होत जाणार, याबद्दल मात्र त्यांना फारशी शंका नाही.

हा वाद तसा जुनाच. २००५ च्या सुमाराला झाक हेर्झोग, पिएर द म्युरॉन आदी नामवंत वास्तुविशारदांच्या गटाने स्वित्झर्लंडचा एक नवा नकाशा मांडला होता. त्यात ओस पडत चाललेल्या डोंगरी भागांना त्यांनी ‘आल्पाइन पडीक जमीन’ म्हटलं. सगळं वाचवता येणार नाही, तेव्हा काही भाग निसर्गाला परत देऊन टाका, असा त्याचा सूर. डोंगरातल्या लोकांना तो शब्द फार झोंबला होता. ब्लाटेननंतर तोच प्रश्न नव्याने टेबलावर आला.

एक्सेल शीटमध्ये बघितलं तर शहरवाल्यांचं गणित चूक नाही. दरडोई खर्च काढा, डोळे पांढरे होतील. पण याच गणिताने गेलं तर विलरही १९०० मध्ये सोडून द्यायला हवं होतं. आणि रिकामं केलेलं खोरं फुकट मिळत नाही. कुरणं चरली नाहीत तर झुडपं माजतात, आणि बंधारे व पायवाटा बघायला माणूसच उरत नाही. लोन्झाच्या पाण्यावर वीज करायची, खोऱ्याचा फोटो पोस्टरवर छापायचा आणि खोऱ्यातल्या माणसाला ‘तू परवडत नाहीस’ म्हणायचं, यात काहीतरी खटकतं ना?

ब्लाटेनची बरीचशी मंडळी घर गेल्यावरही फार लांब गेली नाहीत. खालच्या विलर, किपेल, फेर्डेनमध्ये, सुट्टीसाठी भाड्याने दिल्या जाणाऱ्या फ्लॅट्समध्ये त्यांनी संसार मांडला. बर्न किंवा झुरिकला जाऊन नोकरी धरणं सोपं होतं. पण मिरवणुकीत कुणी कुठे उभं राहायचं, कुणाची गाय कुठल्या कुरणावर जाते, कुणाचा मुखवटा कुणी कोरलाय, हे माहीत असलेली माणसं जवळपास असणं म्हणजेच गाव, असा त्यांचा हिशेब दिसतो. नव्या जागेवर नवी घरं बांधली जातील. ती लाकडाची असली तरी सुरुवातीला पिवळीधमक दिसतील. काळी व्हायला त्यांना दोन-तीन पिढ्यांचं ऊन लागेल.

प्लॅन करताय?

कसं जाल : बर्नहून कांडरश्टेग मार्गे जाणारी लोकल ट्रेन पकडा आणि गोपेनश्टाइनला उतरा. जुन्या बोगद्यातून जाणारी हीच ट्रेन. २००७ मध्ये सुरू झालेल्या ३४.६ किलोमीटरच्या नव्या बोगद्यातून सुसाट जाणाऱ्या गाड्या इथे थांबत नाहीत. स्टेशनबाहेर पिवळी पोस्टबस उभी असते. स्विस ट्रॅव्हल पास दोन्हीवर चालतो.

काय बघाल : किपेलमधलं लोचेनटाल म्युझियम (मुखवट्यांसाठी तरी बघाच) आणि तिथलीच जुनी काळी घरं. विलरहून केबल कारने लाउखर्नआल्पला जा, तिथून पुढे हॉकेनहॉर्नग्राटपर्यंत ३१११ मीटरवर पोचता येतं. बीचहॉर्न समोर उभा असतो.

कधी जाल : चेगेट्यांसाठी फेब्रुवारी, चालण्यासाठी जुलै ते सप्टेंबर. वरच्या भागातले रस्ते आणि पायवाटा कुठवर खुल्या आहेत, हे निघण्याआधी पर्यटन कार्यालयात विचारून घ्या.

आणि एक : ब्लाटेनचा मलबा हा ‘स्पॉट’ नाही. सेल्फी स्टिक बॅगेतच राहू द्या. पैसे खर्च करायचे असतील तर खोऱ्यातच मुक्काम करा, तिथलंच चीज खा. इथल्या लोकांना सहानुभूतीपेक्षा गिऱ्हाइकं जास्त उपयोगी पडतील.